धंदेवाईक स्नूकरपटूचा संसार

स्नूकर हा खेळ इंग्लंडांत वाढला खरा, परंतु त्याचा जन्म आपल्याच देशांत झाला, ही गोष्ट पुष्कळांना ठाऊक नसते. इ. स. १८७५ सालीं जबलपूरच्या छावणींत पावसामुळें अडकून पडलेले इंग्रज लष्करी अधिकारी बिलियर्डच्या टेबलावर निरनिराळे खेळ खेळून वेळ घालवीत असत. त्यांपैकीं नेव्हिल चेंबरलेन नांवाच्या तरुण अधिकाऱ्यानें चालू खेळांत आणखी कांहीं रंगीत चेंडूंची भर घातली आणि एक नवाच खेळ निघाला. पुढें १८८२ च्या सुमारास उटकमंडच्या क्लबांत त्याचे नियम लिहून लावण्यांत आले. नांवाची हकीकत तर मोठी मौजेची सांगतात. त्या काळीं वुलिच येथील लष्करी विद्यालयांत नुकत्याच दाखल झालेल्या, अजून कशांतच तरबेज न झालेल्या विद्यार्थ्याला ‘स्नूकर’ म्हणत. एका सोबत्याचा अगदीं सोपा फटका चुकला, तेव्हां चेंबरलेननें त्याला त्याच नांवानें हिणविलें. आणि लगेच, या नव्या खेळांत आपण सारेच स्नूकर आहों, असें म्हणून त्याची समजूत घातली. तेंच नांव खेळाला चिकटलें. म्हणजे या खेळाचें नांवच मुळीं शेवटच्या पायरीवर उभ्या असलेल्या माणसाचें आहे.

पुढें या खेळांत मोठमोठीं नांवें झालीं. जो डेव्हिस, स्टीव्ह डेव्हिस, स्टीफन हेंड्री, रॉनी ओसलिव्हन यांची कीर्ति जगभर पसरली. परंतु कोणत्याहि धंद्याची खरी ओळख त्याच्या शिखरावरील माणसाकडे पाहून होत नाहीं. वकिलीचा धंदा कसा चालतो हें हायकोर्टांतील दोनचार नामांकित बॅरिस्टरांच्या मिळकतीवरून कळत नाहीं. तालुक्याच्या कोर्टाबाहेर लिंबाच्या झाडाखालीं पक्षकाराची वाट पाहत उभ्या असलेल्या वकिलाला विचारावें, तेव्हां तें कळतें. स्नूकरचेंहि तसेंच आहे. क्रमवारींत पन्नासावा, सत्तरावा किंवा शंभरावा असलेला धंदेवाईक खेळाडू कसा जगतो, काय कमावतो, काय गमावतो आणि कशाच्या आशेवर टिकून राहतो, हें पाहिल्यावांचून या खेळाचें खरें स्वरूप ध्यानांत येत नाहीं.

त्यासाठीं आधीं खेळाची थोडी ओळख हवी. सुमारें बारा फूट लांब आणि सहा फूट रुंद असें, हिरव्या बनातीनें मढविलेलें टेबल. त्याच्या कडेला सहा खिसे. आणि वर बावीस चेंडू. त्यांत पंधरा लाल, सहा निरनिराळ्या रंगांचे आणि एक पांढरा. खेळाडूनें आपल्या काठीनें फक्त पांढऱ्या चेंडूला टोला द्यावयाचा आणि त्याच्या धक्क्यानें दुसरा चेंडू खिशांत घालावयाचा. एक लाल घातला कीं एक गुण. मग एखादा रंगीत घालावयाचा, त्याचे दोनापासून सातापर्यंत गुण. तो रंगीत चेंडू पुन्हां टेबलावर ठेवतात आणि पुन्हां लालाची पाळी येते. लाल संपले म्हणजे रंगीत चेंडू क्रमानें घालावयाचे. प्रत्येक लालामागून सात गुणांचा काळा चेंडू घातला आणि शेवटपर्यंत एकहि चूक केली नाहीं, तर एका डावांत १४७ गुण होतात.

या नियमांत एक गोष्ट अशी आहे कीं, तिच्यामुळें स्नूकर इतर खेळांहून निराळा ठरतो. खेळाडूचा चेंडू खिशांत जात आहे तोंवर पाळी त्याचीच. मग हा सारा वेळ प्रतिपक्षी काय करतो? तो खुर्चींत बसून राहतो. कुस्तींत दुबळ्या मल्लाला निदान डाव अडवितां येतो. टेनिसमध्यें चेंडू आपल्या बाजूला येतोच येतो. क्रिकेटमध्यें बाद होण्यासाठीं तरी खेळपट्टीवर उभें राहतां येतें. स्नूकरमध्यें मात्र एखादा माणूस कांहींएक चूक न करतां हरूं शकतो. समोरचा खेळाडू भरांत आला तर डावामागून डाव नुसते पाहत बसावें लागतें. हातांत काठी आहे, अंगावर नीटनेटकें जाकीट आहे, गळ्याला टाय आहे, चेहऱ्यावर कांहीं दिसूं द्यावयाचें नाहीं, आणि तिकडे आपल्या पुढच्या महिन्याच्या घरभाड्याचा निकाल दुसऱ्याच्या हातानें लागत आहे! खालच्या क्रमांकाच्या खेळाडूच्या आयुष्यांत या खुर्चीचा वांटा फार मोठा असतो.

आतां धंद्याची घडण पाहूं. जागतिक दौऱ्यावर सुमारें १२८ धंदेवाईक खेळाडू असतात. जो नव्यानें आंत येतो त्याला दोन वर्षांची मुदत मिळते. ती संपतांच हिशेब होतो. क्रमवारींतील पहिल्या चौसष्टांत जो असेल तो राहिला. बाकीच्यांपैकीं कांहींजण एका वर्षाच्या चांगल्या कमाईवर कसेबसे टिकतात आणि उरलेल्यांना दौरा सोडावा लागतो. म्हणून पहिल्या सोळांत कोण आहे याची चर्चा वर्तमानपत्रांत जेवढी होते, तेवढीच, किंबहुना त्याहून अधिक तळमळीची चर्चा चौसष्टाव्या आणि पासष्टाव्या क्रमांकांच्या घरीं होत असते. एक जागा वर म्हणजे नोकरी कायम. एक जागा खालीं म्हणजे बेकारी.

बाहेर पडलेल्याला परत येण्याची वाटहि आहे, पण ती अरुंद आहे. १९११ नव्हे तर २०११ सालापासून म्हणजे अगदीं अलीकडे, ‘क्यू स्कूल’ नांवाची एक परीक्षा सुरू झाली. नांव शाळेचें, पण शिकवीत कांहीं नाहींत. नुसती परीक्षाच घेतात. पहिल्या वर्षीं तिची प्रवेश-फी एक हजार पौंड होती. पात्रता-स्पर्धा तीन, आणि प्रत्येक स्पर्धेंतून चौघांना दोन वर्षांचा प्रवेश. बक्षीस म्हणून पैसा नाहीं. जागा मिळणें हेंच बक्षीस. या परीक्षेला होतकरू पोरें बसतात, परदेशचे हौशी खेळाडू बसतात, आणि त्यांच्याच रांगेंत वीस वीस वर्षें धंदा केलेले, पूर्वीं मोठमोठ्यांना हरविलेले प्रौढ खेळाडूहि बसतात. लागोपाठ सामने जिंकीत शेवटच्या फेरीपर्यंत जावें आणि तेथें एका डावानें हरावें, म्हणजे वर्षाचें वर्ष वायां गेलें.

ही व्यवस्था पूर्वीं अशी नव्हती. १९९१ सालीं धंद्याचे दरवाजे सर्वांना उघडे करण्यांत आले. फी भरील तो धंदेवाईक, असा प्रकार झाला आणि शेंकडों तरुण आंत शिरले. पुढच्याच वर्षीं, १९९२ च्या उन्हाळ्यांत, समुद्रकांठच्या ब्लॅकपूल गांवीं एका मोठ्या हॉटेलांत त्यांच्या पात्रता-फेऱ्या भरल्या. दिवसामागून दिवस, टेबलामागून टेबल, प्रेक्षक जवळजवळ नाहींतच. त्या गर्दींत सोळा वर्षांचा रॉनी ओसलिव्हन होता. त्यानें पहिल्या ७६ सामन्यांपैकीं ७४ जिंकले, आणि त्यांत ३८ लागोपाठ. खेळाच्या इतिहासांत हा आंकडा कौतुकानें सांगितला जातो. पण त्याची दुसरी बाजूहि आहे. चौऱ्याहत्तर वेळां कोणी तरी समोरच्या खुर्चींतून उठून, हात मिळवून, आपली काठी पेटींत घालून घरचा रस्ता धरला होता. कांहीं वर्षांनीं हे दरवाजे पुन्हां आवळण्यांत आले, कारण इतक्या जणांना पोसण्याइतका पैसा या खेळांत नव्हता.

पैशाची गोष्ट निघालीच आहे, तर ती नीट समजून घेतली पाहिजे. १९२७ सालीं पहिली जागतिक स्पर्धा जो डेव्हिसनें जिंकली, तेव्हां त्याला साडेसहा पौंड मिळाले. २०१९ पासून त्याच स्पर्धेच्या विजेत्याला पांच लाख पौंड मिळूं लागले. हा फरक पाहून या धंद्यांत सोन्याची खाण आहे असें कोणालाहि वाटेल. पण खाणींत शिरण्याचा रस्ता कसा आहे तें पाहावें. २०१४ पासून क्रमवारी पैशावर ठरते. मागील दोन वर्षांत क्रमवारीच्या स्पर्धांत जितके पौंड मिळविले तितके गुण. नवी स्पर्धा आली कीं दोन वर्षांपूर्वींच्या तिच स्पर्धेचे पौंड गळून पडतात. त्यामुळें खेळाडू नुसता पुढें धांवत नसतो. मागून त्याच्या पायांखालची जमीनहि सरकत असते. दोन वर्षांपूर्वीं एखाद्या आठवड्यांत त्यानें मोठा पराक्रम केला असेल, तर तो आठवडा पुन्हां आला म्हणजे त्याला धडकी भरते. कारण तो पराक्रम आतां हिशेबांतून जाणार आणि त्याच्या जागीं कांहीं तरी भरलें नाहीं तर दहावीस पायऱ्या एकदम घसरणार.

दुसरी गोष्ट, बक्षिसाच्या रकमेंतून खर्च वजा जातो. धंदेवाईक स्नूकरपटू हा कोणाचा पगारी नोकर नसतो. प्रवास त्याचा, मुक्काम त्याचा, जेवण त्याचें, सरावासाठीं टेबलाचें भाडें त्याचें, काठीची दुरुस्तीहि त्याचीच. स्पर्धा आज इंग्लंडांत तर उद्यां जर्मनींत आणि परवां चीनमध्यें. चीनला जाऊन पहिल्याच फेरींत हरणाऱ्याला विमानाचें भाडें आणि हॉटेलाचें बिल चुकत नाहीं. मोठ्या खेळाडूच्या जाकिटावर व्यापारी कंपन्या आपली जाहिरात लावतात. खालच्याचें जाकीट पुष्कळदां कोरेंच असतें, किंवा गांवच्या एखाद्या ओळखीच्या दुकानदाराचें नांव त्यावर असतें. म्हणून या वर्गांतील कांहीं जण धंदेवाईक म्हणविले जात असतांहि पोटासाठीं दुसरें काम करतात, क्लबांत शिकवणी घेतात, किंवा आईबाप व पत्नी यांच्या मिळकतीवर एकेक हंगाम काढतात.

२०१० सालीं धंद्याचीं सूत्रें बॅरी हर्न या व्यवस्थापकाच्या हातीं आलीं. त्यापूर्वींच्या हंगामांत क्रमवारीच्या स्पर्धा अवघ्या सहा उरल्या होत्या. म्हणजे खालच्या खेळाडूला वर्षाचे बहुतेक दिवस घरीं बसून काढावे लागत. हर्ननें स्पर्धा पुष्कळ वाढविल्या. काम मिळालें, हें खरें. पण त्याबरोबर एक कडक तत्त्वहि आलें : जिंकेल त्याला मिळेल. २०१३ पासून अनेक स्पर्धांत पहिल्या क्रमांकापासून शेवटच्यापर्यंत सर्वांनीं पहिल्याच फेरीपासून खेळावें अशी सोडत निघूं लागली आणि पहिल्या फेरींत हरणाऱ्याला कांहींच न देण्याचा प्रघात पडला. याच्या बाजूनें असें म्हणत कीं, हरण्याबद्दल पैसे कशाला द्यावयाचे? हरण्यावर पोट भरूं लागलें तर सुधारणा कोण करील? विरुद्ध बाजूचें म्हणणें असें कीं, सामना व्हावयाला दोघे लागतात. जो माणूस येऊन उभा राहिला नसता तर विजेत्याला विजयच मिळाला नसता, त्याला निदान गाडीभाडें तरी द्यावें. हा वाद बरींच वर्षें चालला. अखेर २०२२ सालीं अशी योजना जाहीर झाली कीं, दौऱ्यावरील प्रत्येकाला हंगामांत निदान वीस हजार पौंडांची शाश्वति असावी. ही रक्कम आगाऊ द्यावयाची आणि पुढें मिळणाऱ्या बक्षिसांतून वळती करून घ्यावयाची. ज्याला बक्षिसें मिळतात त्याला या योजनेचा कांहींच लाभ नाहीं. ज्याला मिळत नाहींत त्याला मात्र हंगामाच्या आरंभीं प्रवासाची सोय होते.

सर्वांनीं पहिल्या फेरीपासून खेळण्याची पद्धति वरवर समतेची दिसते. पण तिचा एक परिणाम असा कीं, शंभराव्या क्रमांकाच्या पोराची गांठ पहिल्याच दिवशीं जगज्जेत्याशीं पडते. पूर्वीं खालचे खेळाडू आपसांत खेळून दोनतीन विजय पदरांत पाडीत आणि मग मोठ्यांना भेटत. आतां पहिला घास तोच कठीण. त्यांत अशा स्पर्धांतील आरंभींचे सामने बहुधा आंखूड, म्हणजे सातांपैकीं चार डाव जिंकण्याचे असतात. आंखूड सामना दुबळ्याला अनुकूल, कारण दैवाला तेथें अधिक वाव. परंतु तोच नियम त्याच्यावर उलटतोहि. कारण समोरच्यानें दोन मोठे डाव साधले कीं हात बसण्याच्या आंतच सामना संपतो. सहाशें मैल प्रवास करून यावें आणि तासाभरांत, दहाबारा फटके मारून, परत जावें, असे प्रसंग विरळा नाहींत.

या साऱ्या खटाटोपाचें मोल एका ठिकाणीं प्रत्यक्ष दिसतें. तें ठिकाण म्हणजे शेफील्ड. तेथील क्रूसिबल नांवाच्या नाट्यगृहांत १९७७ पासून जागतिक स्पर्धा भरते. जागा हजाराच्या आंत, पण स्नूकरपटूला ती पंढरीसारखी. मुख्य स्पर्धेंत बत्तीस खेळाडू. पहिल्या सोळांना प्रवेश आपोआप. उरलेल्या सोळा जागांसाठीं बाकी साऱ्यांनीं लढावयाचें. हे पात्रता-सामने लांब असतात, एकोणीसांपैकीं दहा डाव जिंकण्याचे. जो शेवटच्या पात्रता-फेरींत जिंकला तो नाट्यगृहांत गेला, त्याचें नांव जगभर दिसलें. जो हरला तो त्याच गांवांतून, नाट्यगृहाच्या दारावरून, आगगाडी धरण्यासाठीं निघाला.

२०१७ च्या एप्रिल महिन्यांत या शेवटच्या फेरींत डेव्हिड गिल्बर्ट आणि फर्गल ओब्रायन हे दोघे समोरासमोर आले. दोघेहि त्या वेळीं पहिल्या सोळांबाहेरचे. ओब्रायन हा डब्लिनचा. १९९१ पासून धंद्यांत असलेला, पंचेचाळिशीला टेंकलेला. १९९९ सालीं ब्रिटिश ओपन ही क्रमवारीची स्पर्धा त्यानें जिंकली होती, २००१ सालीं मास्टर्स या मानाच्या स्पर्धेच्या अंतिम सामन्यांत तो केवळ एका डावानें हरला होता. पण तें सारें मागें पडलें होतें. गिल्बर्ट त्याच्याहून तरुण, टॅमवर्थकडचा, बटाट्याची शेती करणाऱ्या बापाचा मुलगा. डाव होतां होतां नऊ-नऊ अशी बरोबरी झाली. शेवटचा एकच डाव राहिला. तो जिंकेल तो क्रूसिबलला.

साधारणतः एक डाव वीसपंचवीस मिनिटांत आटोपतो. हा डाव १२३ मिनिटें आणि ४१ सेकंद चालला. धंदेवाईक स्नूकरच्या इतिहासांतील तो सर्वांत लांब डाव ठरला. दोन तासांहून अधिक वेळ दोन माणसें एकाच टेबलाभोंवतीं फिरत होतीं, आणि कोणीहि चेंडू खिशांत घालण्यासाठीं धाडस करीना. पांढरा चेंडू हळूच लावून लपवावयाचा, समोरच्याला अवघड जागीं ठेवावयाचें, त्यानेंहि तेंच करावयाचें. केवळ करमणुकीसाठीं पाहणाऱ्याला हें कंटाळवाणें वाटेल. पण ज्याला त्या डावाची किंमत ठाऊक आहे, त्याला त्या दोन तासांत भ्यालेपणा दिसणार नाहीं; जबाबदारी दिसेल. धाडसाचा एक फटका चुकला तर वर्षाची कमाई जाते, पुढील क्रमवारी जाते, आणि त्या नाट्यगृहांत पाऊल ठेवण्याची संधि पुन्हां केव्हां येईल याचा नेम नसतो. अखेर तो डाव ओब्रायननें जिंकला. एवढ्या कष्टानें आंत गेल्यावर पहिल्याच फेरींत त्याची गांठ त्या वेळचा जगज्जेता मार्क सेल्बी याच्याशीं पडली आणि तो दहा-दोन असा हरला. पुढें २०२४ सालीं, तेहतीस वर्षांच्या धंद्यानंतर, ओब्रायन निवृत्त झाला.

हरलेल्या गिल्बर्टचें काय झालें, हेंहि पाहण्यासारखें आहे. तो २००२ सालीं धंद्यांत आला. मधून मधून बापाच्या शेतावर राबून त्यानें खेळ सांभाळला. त्याला पहिला मोठा अंतिम सामना लाभला २०१५ सालीं चीनमध्यें. तो जॉन हिगिन्सनें जिंकला. २०१८ सालीं पुन्हां चीनमध्येंच तो मार्क विल्यम्सविरुद्ध नऊ-पांच असा पुढें होता, विजयाला एकच डाव उरला होता. तो सामना नऊ-दहा असा गेला. २०१९ मध्यें बर्लिनला अंतिम सामन्यांत हार, त्याच वर्षीं क्रूसिबलच्या उपांत्य सामन्यांत सोळा-सतरा अशी एका डावानें हार, आणि शरद ऋतूंत इंग्लंडांत आणखी एका अंतिम सामन्यांत हार. शेवटीं २०२१ च्या ऑगस्टमध्यें, वयाच्या चाळिसाव्या वर्षीं, त्यानें क्रमवारीची पहिली स्पर्धा जिंकली. धंद्यांत पडल्यापासून एकोणीस वर्षें झालीं होतीं. शेतकऱ्याच्या मुलाला पीक उशिरां येण्याची सवय असते, असेंच म्हणावें लागेल.

अशीं उदाहरणें आहेत म्हणूनच खालच्या पायरीवरील माणूस आशा सोडीत नाहीं. १९७९ सालीं वेल्सचा टेरी ग्रिफिथ्स, जो पूर्वीं टपालवाला, बसचा कंडक्टर आणि विम्याचा एजंट असें सर्व कांहीं झाला होता, पात्रता-फेरींतून येऊन पहिल्याच प्रयत्नांत जगज्जेता झाला. परंतु खरा दिलासा देणारें चरित्र स्टुअर्ट बिंगहॅमचें. तो १९९५ सालीं धंदेवाईक झाला. २००० सालीं क्रूसिबलला पहिल्याच फेरींत त्यानें चालू जगज्जेत्या हेंड्रीला हरविलें. आतां हा वर येणार असें सर्वांना वाटलें. तो आला नाहीं. आणखी अकरा वर्षें गेलीं, तेव्हां २०११ मध्यें ऑस्ट्रेलियांत त्याला क्रमवारीचें पहिलें विजेतेपद मिळालें. आणि २०१५ सालीं, ३८ व्या वर्षीं, शॉन मर्फीला अठरा-पंधरा असें हरवून तो जगज्जेता झाला. २०२४ सालीं चव्वेचाळिसाव्या क्रमांकाचा जॅक जोन्स पात्रता-फेरींतून थेट अंतिम सामन्यापर्यंत पोहोंचला. तो कायरन विल्सनकडून हरला. तरी चौदा वर्षें धंद्यांत काढूनहि ज्याचा एकहि अंतिम सामना झाला नव्हता, त्यानें तो सर्वांत मोठ्या स्पर्धेंत खेळून दाखविला.

आपल्याकडील खेळाडूंना या अडचणींवर आणखी एका अडचणीची भर पडते, आणि ती म्हणजे अंतर. दौऱ्याचें केंद्र इंग्लंड असल्यामुळें तेथें जाऊन राहिल्यावांचून हा धंदा करतां येत नाहीं. मुंबईच्या आदित्य मेहतानें हें केलें. २०१३ सालीं त्यानें कॅली येथील जागतिक क्रीडास्पर्धेंत स्नूकरचें सुवर्णपदक मिळविलें, आणि त्याच वर्षीं दिल्लीला भरलेल्या इंडियन ओपनमध्यें तो अंतिम सामन्यापर्यंत गेला. क्रमवारीच्या स्पर्धेंत येथवर पोहोंचलेला तो पहिला भारतीय. त्या सामन्यांत चीनच्या डिंग जुनहुईनें त्याला एकहि डाव दिला नाहीं, तरी ती मजल लहान नव्हती. पण एका स्पर्धेंतील यश धंद्याला कायमचें पुरत नाहीं. पुढें मेहतालाहि दौऱ्यावरील जागा राखतां आली नाहीं. पुण्यांत जन्मलेल्या पंकज अडवाणीची गोष्ट निराळी. बिलियर्ड आणि स्नूकर या दोन्हींत जागतिक विजेतीं पदें मिळविलेला हा खेळाडू २०१२ सालीं धंदेवाईक स्नूकरच्या दौऱ्यावर गेला, २०१३ मध्यें वेल्श ओपनच्या उपउपांत्य फेरींत खेळला, आणि दोन वर्षांनीं आपण होऊन परत आला. ज्याला दुसरीकडे मान आणि काम आहे त्याला परत येतां येतें. सत्तराव्या क्रमांकाच्या खेळाडूला पुष्कळदां परत जावयाला दुसरें ठिकाणच नसतें, कारण बारातेराव्या वर्षापासून त्यानें या एका टेबलाखेरीज कांहीं शिकलेलें नसतें.

अशा माणसापाशीं मोह लवकर पोहोंचतो. सामन्यावर पैजा लावणाऱ्यांचा बाजार मोठा. प्रेक्षक नसलेल्या एखाद्या पहिल्या फेरीच्या सामन्यावरहि पैसे लागतात. तेथें एक डाव मुद्दाम सोडून दिला तर तो सोडला हें सिद्ध करणें कठीण, आणि मिळणारी रक्कम मात्र प्रामाणिकपणें मिळणाऱ्या बक्षिसाहून मोठी. २०२३ सालीं अशाच प्रकरणांत दहा चिनी खेळाडूंना शिक्षा झाल्या. त्यांपैकीं दोघांना खेळांतून आजन्म बाद करण्यांत आलें. त्यांतले कित्येक कोवळ्या वयाचे, घरापासून हजारों मैल दूर राहणारे होते, आणि वडील खेळाडूंच्या दबावाला बळी पडले होते. गुन्हा तो गुन्हाच; गरिबीनें तो पुसला जात नाहीं, कारण त्याच पायरीवर, त्याच तंगींत, शेंकडों खेळाडू सचोटीनें हरत आलेले आहेत. पण ज्या धंद्यांत तळाच्या माणसाला जगणें अशक्य होतें, त्या धंद्याची अब्रू तळापासूनच पोखरली जाते, एवढें त्या प्रकरणानें दाखवून दिलें. त्या दहांपैकीं झाओ शिनटोंग यानें स्वतः सामना विकलेला नव्हता, परंतु इतरांच्या कटांत भाग घेतल्याबद्दल आणि पैजा लावल्याबद्दल त्याला वीस महिन्यांची बंदी झाली. ती भोगून तो हौशी खेळाडू म्हणून, अगदीं पहिल्या पात्रता-फेरीपासून, परत आला; चार पात्रता-सामने आणि पांच मुख्य सामने जिंकून २०२५ सालीं तो जगज्जेता झाला. चीनचा तो पहिला जगज्जेता.

आतां शेवटीं एक साधा हिशेब. १२८ खेळाडूंच्या स्पर्धेंत पहिल्या दिवसाच्या फेरींतच चौसष्टजण हरतात. विजेता ठरेपर्यंत १२७ सामने होतात, आणि हरून जाणारेहि बरोबर १२७. म्हणजे ही स्पर्धा मुख्यतः हरणाऱ्यांची असते. जिंकणारा तिच्यांत एकटाच असतो. हरणाऱ्यांपैकीं प्रत्येकजण लहानपणीं आपल्या गांवच्या क्लबांत सर्वांना हरवीत आलेला असतो, त्याच्या जिल्ह्यांत त्याच्या तोडीचा कोणी नसतो, शंभर गुणांचा डाव त्याच्या हाताला नवा नसतो. जगांतील सत्तराव्या क्रमांकाचा वैद्य, गवई किंवा मूर्तिकार दारीं आला तर लोक त्याच्या पायां पडतील. खेळाच्या धंद्यांत मात्र सत्तरावा म्हणजे पडेल, अशी समजूत आहे, कारण तेथें प्रत्येकाच्या गुणांची रोज जाहीर मोजणी होते आणि ती मोजणी एकमेकांविरुद्ध होते.

मग हा माणूस टिकतो कशावर? पैशावर नाहीं, हें वरील हिशेबावरून उघड आहे. कीर्तीवरहि नाहीं. जिंकण्याची आशा असते, पण ती रोजच्या रोज पुरण्याइतकी मोठी नसते. बहुधा तो टिकतो कामाच्या गोडीवर. सकाळीं क्लब उघडतांच बनातीवरून बुरूस फिरवावा, काठीच्या टोंकाला खडू लावावा, आणि काल चुकलेला एकच फटका शंभर वेळां मारून पाहावा. नव्वद वेळां तो बरोबर बसला म्हणजे त्या दिवसापुरतें समाधान. उरलेल्या दहा वेळांसाठीं तो उद्यां पुन्हां येतो. पुढच्या आठवड्यांत कोठें तरी पहिल्या फेरीचा सामना असतो, समोर कोणी तरी मोठा असतो, आणि चौसष्टावी जागा अजून कांहीं पौंडांवर असते.